कुत्र्याचा होय, चला

काठी आडवी झाली की थांबायचं. काकाजींचा हा एकच नियम होता, आणि तो नवरीच्या मामापासून कंपनीच्या डायरेक्टरपर्यंत सगळ्यांना सारखा लागू होता. मग ते पायवाटेवर उकिडवे बसायचे, चप्पल काढून बाजूला ठेवायचे आणि चिखलातल्या ठशावर, हात न लावता, तळहात धरायचे. तवा तापला का बघतात ना, तसा. मान वर करून विचारायचे, "नखं दिसून राह्यले का?"

कुणीतरी म्हणायचं, "हो, दिसतात की."

"मंग कुत्र्याचा होय, चला. कुत्रं चालताना नखं लपवत नाही. मांजराची जात लपवते. रानमांजर, बिबट, वाघ, सारे. नखं नाही दिसले, तर मले आवाज द्या."

तुमच्यापैकी कुणी आमच्या 'हाफ डे'ला आलं असेल तर हे ऐकलंच असेल. नसेल, तर आधी हाफ डे काय ते सांगते. आमच्या ट्रॅव्हल ऑफिसच्या मालकांनी एकदा बायकोला घेऊन समुद्रातल्या मोठ्या जहाजाची सफर केली. जहाज बंदराला लागलं की पॅसेंजरांना अर्ध्या दिवसात एक जंगल आणि एक देऊळ दाखवून जेवायला परत आणतात, हे त्यांनी तिथे पाहिलं आणि परत आल्या आल्या आपल्याकडे सुरू केलं. आता नागपूरला कुठला आलाय समुद्र! पण लग्नाला आलेले पाहुणे, मीटिंगसाठी हॉटेलात उतरलेले साहेबलोक, यांचा अर्धा दिवस रिकामा असतोच. सकाळी सहाला निघायचं, शहराबाहेरच्या तलावामागच्या जंगलात दोन तास चालायचं, तर्री-पोहे खायचे, महाल या जुन्या वस्तीतली देवळं आणि गल्ल्या बघायच्या, एकपर्यंत हॉटेलवर परत. मालक त्यांना अजूनही पॅसेंजरच म्हणतात.

या सफरीचं सगळं माझ्याकडे. हजेरी, पाण्याच्या बाटल्या, ऑफिसच्या पेजवर फोटो, देवळांची माहिती. जंगल मात्र काकाजींचं.

आणि मी स्वभावाने संशयी. लपवण्यात काही अर्थ नाही. भाजीवाल्याने कोथिंबीर फुकट दिली तरी माझ्या तोंडून आधी 'काहून?' निघतं, मग थँक्यू. माझा नवरा म्हणतो, तुला पोलिसात जायचं होतं, चुकून टुरिझममध्ये आलीस.

काकाजींनी तीस वर्षं जंगलात रोजंदारीवर चौकीदारी केली होती. तेव्हा वाघ मोजायचे ते ठशांवरून. ठशावर काच धरून आकार गिरवायचा, मग ठशात प्लॅस्टर ओतायचं. पुढे झाडांना कॅमेरे लागले आणि काकाजी घरी बसले. "कॅमेऱ्याले भूक लागत नाही जी," ते म्हणायचे. "पण त्याले चिखल वाचता येत नाही."

भेटल्यावर ते "जयभीम, मॅडम" म्हणायचे. मी "हं, नमस्कार" म्हणून बाटल्या मोजायला लागायचे.

एका लग्नातला मामा होता, सारखा एकच घोशा: वाघ कधी दिसणार, वाघ कधी दिसणार. काकाजी शांतपणे म्हणाले, "तुम्ही चूप राहाल तवा. म्हणजे आज काही नाही." मामा सोडून सगळे हसले. दुसऱ्या एका वेळी गुडघे धरलेली एक आजी चालू शकत नव्हती, तर काकाजींनी ग्रुप माझ्या गळ्यात घातला आणि आजीजवळ बाकावर बसून राहिले. आम्ही परत आलो तेव्हा आजी पायाशी वाकून मुंगसाचा माग दाखवत होत्या. बाकाभोवतीच्या चार हात मातीत त्यांना ससा, मुंगूस, तितर, सगळं सापडलं होतं. बाकीचे नीलगायीचं शेपूट पाहून आले होते. सगळ्यात खूश कोण, सांगायला नको.

महालात मात्र काकाजींनी माझी फार पंचाईत केली. देवळाच्या दाराशी दगडी सिंह आहे. मी भोसल्यांच्या काळापासून सुरुवात करून कारागिरीवर आले होते, लोक माना डोलावत होते, तेवढ्यात मागून आवाज आला, "कारागीर हुशार होता. पण सिंह चालून राह्यला अन् नखं बाहेर! यानं खरा पाह्यला नाही." झालं. पुढची दहा मिनिटं सगळे नखांचेच फोटो काढत बसले. मला राग आला आणि हसूही आलं. मग देवळाची माहिती सांगताना मी सिंहाला वगळायला लागले.

एका दिवाळीनंतर माझ्या डोक्यात किडा वळवळायला लागला. काकाजी आधी आमच्याच गाडीने यायचे. आता म्हणायला लागले, "मी तिकडंच भेटतो." आम्ही पोचायचो तेव्हा ते घोट्यापर्यंत चिखलाने माखलेले, नखांत काहीतरी पांढरं. खांद्यावरची कापडी पिशवी कुणाला धरू द्यायचे नाहीत. ड्रायव्हर मदत करायला गेला तर त्याच्या अंगावर खेकसले. आणि नाल्याकडची वाट, जी आमच्या माहितीपत्रकावर फोटोसकट छापली आहे, ती त्यांनी बंदच करून टाकली. "तिकडं पाणी हाय," म्हणायचे. जानेवारीत! नाल्यात तेव्हा पाय भिजण्याइतकंही पाणी नसतं, नुसता काठाला चिखल.

तुम्ही माझ्या जागी असता तर तुम्हालाही संशय आला असता की नाही?

एका रविवारी मी हट्टच धरला. "पॅसेंजरांना नाला दाखवायचा म्हणजे दाखवायचा." काकाजी झपाझप पुढे गेले. वळणावर मी त्यांना गाठलं तेव्हा ते डाव्या पायाने चिखल पुसत होते. मी खाली पाहिलं. अर्धा पंजा उरला होता. चांगला मोठा, आणि नखं नव्हती.

"काय पुसलं, काकाजी?"

"कुत्र्याचा होय, चला."

ज्या माणसाने मला नखं बघायला शिकवलं, तोच मला हे सांगत होता! पुढे ते पॅसेंजरांना धनेश पक्षी दाखवत होते, पिशवी झाडाला टेकवलेली होती. मी सरळ आत हात घातला. जुन्या लुंगीत गुंडाळलेली एक काच निघाली, आणि तिच्याखाली प्लॅस्टरचा पंजा. अजून गार, ओलसर. चार बोटं, बाहेरचं बोट जरा तिरकं. खाली तळव्याची गादी. नखं नाहीत.

बाप्पा! म्हणजे हा शिक्का होता. म्हातारा पहाटे येऊन चिखलात बिबट्याचे ठसे मारतो, नीट उमटले की एखाद्या दिवशी ग्रुपला दाखवून वाहवा मिळवणार, नाही उमटले की पुसून टाकतो. मला सगळं एका झटक्यात कळलं, आणि कळल्याचा आनंदही झाला, हे कबूल करते. परत येताना मी सहज विचारल्यासारखं केलं, "पिशवीत काय आहे हो?"

"डबा होय, मॅडम."

मी त्याच दुपारी मालकांना सांगितलं. मालक घाबरले. खोटे ठसे, वरून जंगल खात्याची परवानगी, उद्या कुणी बोंब मारली तर हाफ डे कायमचा बंद. त्यांनी माझ्यासमोरच फोन लावला आणि उद्यापासून येऊ नका म्हणून सांगितलं. का ते पण सांगितलं. काकाजी भांडले नाहीत. "बरं जी," म्हणाले, आणि मग एकच गोष्ट, जी मालकांनी फोन ठेवल्यावर मला सांगितली: "नाल्याकडं पॅसेंजर नेऊ नका म्हणतो."

"पाहा! अजूनही!" मी म्हटलं.

दोन आठवड्यांनी नाल्याच्या त्याच वळणावर मला ठसा सापडला. ताजा, अख्खा, नखं नसलेला. आता काकाजी नव्हते, म्हणजे हा खरा. मी शेजारी पेन ठेवून फोटो काढला आणि तिथेच उभ्या उभ्या पेजवर टाकला: 'आपल्या हाफ डेवर बिबट्या!' पुढचे तीन रविवार गाडी पुरली नाही, दुसरी लावली. आमचे पॅसेंजर परवडले, पण आख्खं नागपूर लोटलं तिकडे. मोटारसायकली नाल्यापर्यंत आणल्या पोरांनी. एक जण मोबाइलवर बकरीचा आवाज लावून बसला होता.

मधल्या एका दुपारी मी तो फोटो मोठा करून बघत होते, किती लाइक आले त्या आनंदात. बाहेरचं बोट तिरकं होतं.

माझ्या मनात पहिला विचार काय आला, सांगू? म्हातारा अजूनही चोरून येतो आणि शिक्का मारून जातो! असं माझं डोकं. दुसऱ्या दिवशी पेपरात जंगल खात्याच्या कॅमेऱ्याचा फोटो आला. नाल्याच्या काठाने चाललेली बिबट्याची मादी, मागे दोन पिल्लं.

तेव्हा मला कळलं की ठशात प्लॅस्टर ओतलं की बाहेर जे येतं, ते पंजासारखंच दिसणार. शिक्का नव्हताच तो. काकाजी आमच्या आधी तासभर येऊन तिचा ठसा प्लॅस्टरमध्ये उचलून घ्यायचे, आणि मग चिखलातला पुसून टाकायचे. आमच्यापासून.

त्यानंतर नाल्यावर काहीच उमटलं नाही. मादी पिल्लांना घेऊन निघून गेली. गाड्यांच्या त्या गर्दीतून कुठे गेली, दोन्ही पिल्लं मागोमाग पोचली का, कुणालाच माहीत नाही. मला काही दिवस जेवण गेलं नाही.

पत्ता शोधत मी काकाजींच्या घरी गेले. दाराशी उभं राहून "जयभीम, काकाजी" म्हटलं. पहिल्यांदाच. ते खाटेवरून उठले. "जयभीम, मॅडम. या, बसा." काकींनी चहा टाकला. समोर फळीवर पंजे मांडले होते, एकाशेजारी एक, प्रत्येकावर पेन्सिलीने तारीख. तिरक्या बोटाचे मोठे, आणि मधे मधे छोटे, आमटीच्या वाटीत मावतील एवढे.

"मला तरी सांगायचं होतं," मी म्हटलं.

त्यांनी एक छोटा पंजा उचलला, बनियनला पुसला. "सांगतलं असतं तं तुम्ही काय केलं असतं?"

कुणाला बोलले नसते, असं मी म्हणणार होते. फोन माझ्या हातातच होता.

"तुमच्यावर भरोसा नव्हता, मॅडम. राग नका मानू. बाटलीचं बूच निघालं तरी तुम्ही फोटो टाकता."

"मी उगाच तुमच्यावर संशय घेतला हो."

"मीनंबी घेतला नं तुमच्यावर," ते म्हणाले. "माहा खरा निघाला."

आवाजात राग नव्हता. राग असता तर बरं झालं असतं, मी तरी भांडले असते. मला रडू आलं. ते गडबडले. "रडून काहून राह्यल्या? चहा घ्या, थंडा होऊन राह्यला."

मी मालकांशी बोलते, तुम्ही परत या, असं मी दोनतीनदा म्हटलं. त्यांनी छोटा पंजा जागेवर ठेवला, रांगेत नीट सरळ केला. "येऊन काय करू? आता तिथं पुसाले काय हाय?"

मागच्या उन्हाळ्यात काकाजी गेले. मी काकींना भेटायला गेले होते. फळी तशीच होती. काकी म्हणाल्या, एखादा न्या. मला हात लावायचा धीर झाला नाही.

जंगलाची माहिती आता मीच सांगते. काठी नाही माझ्याकडे, हात आडवा करते. या डिसेंबरात एका लग्नाचे पाहुणे होते, त्यात एक बाई, माझ्याच वयाच्या, हातात छोटी वही. सुरुवातीलाच मी नखांचा नियम सांगितला, तो त्यांनी लिहून घेतला. नाल्याच्या वळणावर मी चार पावलं पुढे होते. काठाच्या चिखलात ताजा पंजा होता. बाहेरचं बोट तिरकं होतं, की माझ्याच डोळ्यांत पाणी होतं, सांगता येत नाही. नखं नव्हती, एवढं नक्की.

मी त्यावर बूट ठेवला आणि फिरवला.

"काय होतं?" बाई मागून म्हणाल्या.

"कुत्र्याचा होय, चला."

"पण मॅडम, नखं कुठे दिसली?"

"जुना आहे. चला, पोहे थंड होतील."

त्यांनी माझ्या बुटाकडे पाहिलं, मग माझ्या तोंडाकडे. ती नजर मी ओळखते, रोज आरशात असते. महालात मी देवळाची माहिती सांगत होते, तेव्हाही बाई माझ्या चिखलाच्या बुटाकडेच बघत होत्या. गाडीतून उतरताना अभिप्रायाच्या फॉर्मवर त्यांनी लिहिलं: गाइडबाई पॅसेंजरांपासून काहीतरी लपवतात.

मालकांनी दुसऱ्या दिवशी मला केबिनमध्ये बोलावलं. फॉर्म पुढे सरकवला. आवाज तोच, काकाजींना फोन लावला होता त्या दिवशीचा. "नाल्याजवळ काय होतं? खरं सांगा."

"कुत्र्याचा होता, साहेब," मी म्हटलं.