पडद्यावरचा हात

मास्तरांनी अकरा सिनेमांत काम केलं आणि एकातही त्यांचं तोंड दिसलं नाही. नायक बुद्धिबळात पटाईत आहे असं दाखवायचं झालं, की त्यांना स्टुडिओतून बोलावणं यायचं. नायकाचा कोट चढवून मास्तर पटासमोर बसत, कॅमेरा मनगटापाशी येऊन थांबे, आणि टाळ्या नायकाला पडत. पट दर वेळी आडवाच मांडलेला असे. उजव्या हाताच्या कोपऱ्यात पांढरं घर हवं, हे मास्तरांनी अकराही दिग्दर्शकांना सांगितलं. अकराही जणांनी मान डोलावली आणि पट तसाच ठेवला.

बायको मात्र तो हात हमखास ओळखायची. सिनेमातले लोक समोरचा मोहरा मारायला दोन्ही हात वापरतात, भाजी निवडायला बसल्यासारखे. मास्तरांना एकच हात पुरे. आपला मोहरा दोन बोटांत, आणि मारलेला करंगळीने अलगद मुठीत. "हे आमचे हे," ती अभिमानाने सांगायची. त्यावर थोरली जाऊ म्हणायची, हात काय, कुणाचाही असतो. वीस वर्षं बायकोने हे ऐकून घेतलं. मास्तरांना ते फार लागे. डाव हरल्याचंही कधी इतकं लागलं नव्हतं.

म्हणून बाराव्या सिनेमात तोंडासकट काम आलं, तेव्हा त्यांनी आढेवेढे घेतले नाहीत. नायकाकडून नऊ चालींत हरायचं होतं. नऊ चालींत त्यांच्या शिकवणीतली पोरंसुद्धा हरत नसत. मास्तर मुकाट्याने हो म्हणाले.

चेहऱ्याचं काम एका झटक्यात झालं. मग हाताची पाळी आली. मास्तरांनी वजीर उचलला आणि ठेवताना तो शेजारच्या उंटावर खडखडला. दुसऱ्या वेळी हत्तीच आडवा झाला. दिग्दर्शक भला माणूस. त्याने चारचौघांत काही न बोलता मास्तरांचा कोट दिवे लावणाऱ्याच्या अंगात चढवला. काम झकास झालं, असं मास्तरांनी घरी सांगितलं.

सिनेमा लागला, तेव्हा दुपारच्या खेळाला जाऊबाईंना मुद्दाम मधल्या खुर्चीवर बसवलं. मास्तरांचं तोंड भिंतीएवढं झालं आणि जाऊबाईंनी कबूल केलं, की हे भावजीच. बायकोच्या मनासारखं झालं म्हणून मास्तर सुखावले. तेवढ्यात पडद्यावर पट आला. कोटातल्या माणसाने घोडा मारला. दोन्ही हातांनी.

घरी आल्यावर चपला काढता काढता बायकोने विचारलं, "तो हात कुणाचा?"

दिवेवाल्याचा, असं मास्तरांनी सांगून टाकलं.

"आणि तुमचा कधीपासून थरथरतोय?"

"गेल्या हिवाळ्यापासून."

ती एक चप्पल हातात धरून तशीच उभी राहिली.

"बशीत चहा सांडायचा," ती म्हणाली, "तर मला वाटायचं, मीच कप जास्त भरते."