निंबाबाबांचं ब्रह्मचर्य

कानबाईच्या सणाच्या आदल्या दिवशी दुपारी योगराजने पुस्तिकांचा गठ्ठा निंबाच्या खोलीत आणून ठेवला. पलसाण्याच्या कापड डाईंगमधली नोकरी सांभाळून योगराज सुरतेतल्या लिंबायतच्या भजनी मंडळाचा कारभार बघे. मुखपृष्ठावर बहात्तर वर्षांचा निंबा टाळ धरून बसला होता. डोक्यामागे छापखान्याने तेजाचं वलय घातलं होतं.

"बाबा, ऐका," म्हणत योगराज मोठ्याने वाचू लागला. "'आणीबाणीत देश अंधारात बुडाला, तेव्हा तेवीस वर्षांच्या बाबांनी राष्ट्राच्या पापाचं प्रायश्चित्त म्हणून आजन्म ब्रह्मचर्य पत्करलं.'"

निंबाची बायको धुरपदाबाई नैवेद्याच्या रोटाचे गहू निवडत होती. तिचे हात थांबले.

"मंग मी कोन व्हतू?"

योगराज गडबडला. "माय, बाबाच भजनात सांगतात ना? 'त्या साली देवानं माझा संसार मागितला, मी दिला.'"

सांगत होता खरा. शहात्तर साली खानदेशातल्या एका गुरांच्या बाजारातून सरकारी माणसांनी त्याला ट्रकमध्ये कोंबून शाळेच्या वर्गात नेलं, नसबंदी केली आणि संध्याकाळी सोडून दिलं. लग्नाला चार महिने झाले होते. घरी तो म्हणाला, गळू कापलं. पुढे सुरतेत यंत्रमागावर कुणी पोराबाळांचं विचारलं की देवाचं नाव पुढे करणं सोपं गेलं. त्याचंच नंतर भजन झालं.

आता योगराजसमोरच त्याने खरं सांगितलं. चार वाक्यांत संपलं.

धुरपदाबाई त्याच्याकडे वळली. "पोरासाठी नवसाले माले अनवाणी धाडं, तव्हय बी ठाऊक व्हतं?"

"व्हतं."

तिच्या मांडीवरचं ताट कलंडलं. सांडलेले गहू तिने गोळा केले नाहीत. म्हणाली, "ज्या माले वांझ म्हनतस, त्यास्ना समोर सांगा."

दुसऱ्या दिवशी कानबाईसमोर सगळी गल्ली जमली. लेकुरवाळ्या बाया पुढे, धुरपदाबाई भिंतीला. देवीची ओटी भरायला तिला आजवर कुणी बोलावलं नव्हतं. निंबाने माईक घेतला. ट्रक, शाळा, नसबंदी, सगळं सांगितलं. "दोष तिचा नव्हता. मी लपवलं आणि तिला बोलणी खाऊ दिली."

मग योगराजने माईक ओढून घेतला.

"सरकारच्या हातून देवानंच बाबांना निवडलं! दुसऱ्या आवृत्तीत हे येणार!"

सुवर्णा रडतच उठली. सुनेच्या डोहाळजेवणाला धुरपदाबाईला टाळणारी शेजारीण ती हीच. तिला येताना बघून धुरपदाबाई अर्धवट उठली. सुवर्णा तिच्या पुढून सरळ गेली आणि तिने निंबाच्या पायांवर डोकं टेकवलं.

निंबाने पाय मागे ओढले. तोवर सुवर्णाच्या मागे रांग लागली होती.