फ्रेंच लेखकाचा चेहरा

आमच्या भोकरदनच्या फिल्म सोसायटीत सभासद नऊ आणि किस्से नव्वद. दोघं जण चहाला बसले, की उठेपर्यंत एकाची भर पडलेलीच असायची!

सोसायटी तायडे सरांची. सर कॉलेजात इंग्रजी शिकवायचे. एका फ्रेंच लेखकावर त्यांचा असा जीव, की इंग्रजीवरून त्याची कादंबरी मराठीत आणायला बारा वर्षं घालवली. हा लेखक कुणाला फोटो काढू द्यायचा नाही. इकडे काचबिंदूने सरांची नजर जात चाललेली. "एकदा त्याचा चेहरा बघू द्या, मंग काय व्हायचं ते होऊ द्या," म्हणायचे.

अशात कळलं, त्याच्यावर एक प्रायोगिक फिल्म निघाली आहे. सरांनी दिल्लीच्या फ्रेंच वकिलातीला पत्रांवर पत्रं धाडली. फिल्म यायला दोन वर्षं लागली.

*

फिल्मचा डबा एसटीने आला. कंडक्टरने विचारलं, "सर, हाणामारीचा हाय का?"

"न्हाई. एक माणूस बसून लिहितो."

त्याने डबा हलवून पाहिला. "मंग एवढा जड कसा काय?"

*

आमचं थेटर म्हणजे पारसशेठचं सरकीचं गोदाम. प्रोजेक्टरही शेठच चालवायचे. झरोक्यांना पोती लावून दुपारचा अंधार केला. पडद्याला शेठाणीची नवी चादर, काठाला गुलाबाची वेल. सबंध फिल्मभर पॅरिसला गुलाब फुललेले!

*

पहिली पाच मिनिटं नुसतं टेबल. शेवटी हसनाबादचे विठ्ठलराव, आमचे एकमेव शेतकरी सभासद, म्हणाले, "लाकूड सागाचं वाटून राह्यलं."

नंतरच्या चर्चेत याहून नेमकं कुणी बोललं नाही.

*

पुढे त्या काळ्या-पांढऱ्या चित्रात खिडकी आली, बूट आले, लिहिणाऱ्याची पाठ आली. चेहरा नाहीच! फिल्म संपत आली तरी गडी वळेना.

सरांना एव्हाना उजेड-अंधारापलीकडे काही दिसत नव्हतं. बायकोचा, म्हणजे आमच्या काकूंचा, हात धरून बसले होते.

"दिसला का गं?"

"दिसला ना."

"कसा हाय?"

काकूंनी पडद्यावरच्या पाठीकडे पाहिलं, मग सरांकडे. "कपाळ रुंद. दाढी चार दिवसांची. जेवायला हाका मारल्या तरी उठणार न्हाई, असा."

मला तर रडूच आलं. तेवढ्यात मागून, प्रोजेक्टरच्या खडखडाटातून पारसशेठ ओरडले, "अन् डोळे बिलकुल निळे हायेत, सर!"

सरांनी मान डोलावली. मग म्हणाले, "मला वाटलंच होतं."