तालमीच्या दारातली उंटअळी

आमच्या घरात गोष्टींच्या पुस्तकांआधी पत्रकं आली. वडील ती वाटायचे, मी खळ लावून भिंतीवर चिकटवायची. त्यामुळे तालमीसमोरच्या जांभळावर औषध मारायचं ठरलंय हे कळल्यावर मी पत्रकच लिहिलं आणि तालमीच्या दारावर लावलं.

पैलवान पोरांचं अंग खाजत होतं, आणि वस्तादांनी दोष झाडावरच्या उंटअळ्यांना दिला होता. ही अळी बारीक, अंगावर लव नसलेली. पाय पुढं आणि शेपटीकडं, मध्ये काहीच नाही. म्हणून वितीनं कापड मोजावं तशी कमान करत चालते. चाहूल लागली की मागच्या पायांवर काडीसारखी ताठ उभी राहते. पुढं तिचा पानाच्या रंगाचा पतंग होतो आणि पानावरच पंख पसरून दिसेनासा होतो. खाजरे असतात ते केसाळ सुरवंट. एवढं लिहून खाली एक ओळ टाकली होती: खाज आखाड्याच्या मातीत शोधा.

वस्ताद पाठीवर फवारणीचा पंप घेऊनच बाहेर आले. ते पत्रक त्यांनी एका पोराकडून मोठ्यानं वाचून घेतलं. मग खालची फांदी ओढून मला म्हणाले, "बघ. झाड वाळाय लागलंय तुझ्या अळ्यांनी." आणि एक वाळकी काडी मोडायला धरली.

काडी वाकली आणि त्यांच्या मनगटावर चढली.

"हात हलवू नका, वस्ताद," मी म्हटलं. "खाज सुटली तर पंप मी मारते."

अख्ख्या तालमीसमोर हात झटकणं त्यांना शक्य नव्हतं. अळी कोपरापर्यंत गेली.

"शर्टाचं माप घेतीया जणू," मागून कुणीतरी बोललं.

"न्हाय खाजत," वस्ताद म्हणाले. त्यांनी पंप आत नेऊन ठेवला. परत आले ते पत्रकाकडं बोट दाखवत. "पण माझ्या मातीला नाव ठिवायचं न्हाय. ती वळ खोड."

"ओळ राहणार."

त्यांनी पत्रक टराटरा फाडलं. दुसऱ्या दिवशी मी तेच, त्याच ओळीसकट, पुन्हा लावलं. त्याच आठवड्यात आखाडा उकरून माती उन्हात पसरलेली दिसली. दरसाल करतोच की, असं ते जाणाऱ्या-येणाऱ्याला ऐकवत होते.

पत्रक तेव्हापासून किती वेळा फाटलं, मोजलेलं नाही. खळ घरात असते. जांभळावर अळ्या आहेत.