शेळीवर बजावलेली नोटीस

मगरे वकिलांच्या टेबलाखाली कायम पक्षकारांच्या पिशव्या पडलेल्या असत. आपल्याकडे माणूस वकिलाकडे आला की आधी पिशवी उघडतो आणि रेशनकार्ड, टीसी, सातबारा असं सगळं टेबलावर पसरतो. मगरे सर ते शांतपणे गोळा करून परत भरायचे आणि पिशवी पायाशी सरकवायचे. "कागद कुठं पळून चाललेत? आधी तुम्ही बोला." मग माणूस बांधाच्या भांडणापासून निघून सुनेच्या माहेरापर्यंत पोचायचा आणि सर मान डोलवत ऐकत राहायचे. जालन्याला त्यांच्या हाताखाली मी नवीन लागले, तेव्हा वाटायचं, अशानं यांची वकिली चालते तरी कशी? ती फारशी चालत नव्हतीच.

सर दिसायचेही थकलेले. कोटाचा काळा रंग उन्हानं विटलेला, पायाला सूज. कोर्टाचा जिना चढताना मध्येच कठडा धरून थांबायचे आणि मला म्हणायचे, "वकीलबाई, तुम्ही व्हा पुढं. न्यायाला तशी बी काही जल्दी न्हाई." आवाज चढवताना मी त्यांना कधी पाहिलं नाही, एक गोष्ट सोडून. कुणाचं म्हणणं न ऐकता त्याच्याविरुद्ध आदेश झाला, की मात्र हा शांत माणूस पिसाळायचा.

त्याचं कारण त्यांनी एकदा चहा पिता पिता सांगितलं. त्यांच्या वडलांवर गावात कसला तरी आळ आला होता. "पंच चावडीत बसलेले आन् माझा बाप बाहेर उन्हात उभा. निकाल बापाच्याच बाजूनं लागला बरं का! पन मरेपर्यंत बाप एकच म्हनायचा, मला आत बोलवलं न्हाई." एवढं बोलून त्यांनी कप विसळून ठेवला आणि पुढची फाईल काढली.

हसीनाबी आमच्याकडे आल्या त्या रडून दमलेल्या चेहऱ्यानं. ऊसतोडीला जाणारी बाई. जन्माची नोंद मोठेपणी करून घेतलेली, तसे दाखले हजारोंनी असतात. कुणीतरी तक्रार केली की ही बाई इथली नाही, बाहेरच्या देशातली आहे. तालुक्याच्या कार्यालयानं दाखला रद्द केला. आदेशात लिहिलं होतं, नोटीस बजावूनही बाई हजर राहिली नाही, ठावठिकाणा लागत नाही, सबब नागरिकत्व संशयास्पद. तेव्हापासून पोलीस ठाण्यात हजेरी सुरू झाली. मुकादमानं तोडीच्या टोळीतून नाव काढलं. शेजारणी पाणी भरताना बोलेनाशा झाल्या.

"नोटीस कधी मिळाली?" सरांनी विचारलं.

"मिळालीच न्हाई, वकील सायब. आमी समदे अंकुशनगरला तोडीवर गेल्तो. दाराला कुलूप."

सर दुसऱ्या दिवशी जीपनं हसीनाबींच्या गावी गेले, मलाही सोबत नेलं. शेजारच्या म्हातारीनं सगळा उलगडा केला. कोतवालानं कणकेची खळ लावून नोटीस दारावर डकवली होती आणि त्याची पाठ वळताच म्हातारीच्या शेळीनं ती खळीसकट खाऊन टाकली. "म्या हाकललं तिला," म्हातारी अपराध्यासारखी म्हणाली, "पन खळीचा वास लय गोड अस्तो."

जीपमध्ये मला हसू आवरेना. सर हसले नाहीत. "बजावणी शेळीवर झाली, बाईवर न्हाई," ते म्हणाले. "ऊस तुटायच्या दिवसांत अर्धं गाव फडावर असतं, हे गावच्या कोतवालाला ठाऊक न्हाई? आन् म्हने ठावठिकाणा लागत न्हाई."

दरम्यान हसीनाबींच्या भावानं कुठून तरी आजोबांच्या वेळचा जुना उतारा शोधून आणला. मी खूश. म्हटलं, सर, आता ऐकण्या-न ऐकण्याचा वाद कशाला, हाच कागद पुढे करू आणि मोकळे होऊ. "जोडा की. बिलकुल जोडा," ते म्हणाले. "पन पहिला मुद्दा ऐकून न घेतल्याचाच राहील. हिच्यापाशी कागद निघाला. ज्याच्यापाशी निघनार न्हाई, त्यानं काय करायचं? त्यालाच तर ऐकून घ्यायची गरज जास्ती."

अपील चाललं, तारखा पडत गेल्या. शेवटी आदेश रद्द झाला, पण प्रकरण त्याच कार्यालयाकडे परत गेलं, नव्यानं सुनावणी घ्या म्हणून. मी चिडले. एवढं झगडून आपण पुन्हा पहिल्याच पायरीवर! सर कोट खुंटीला अडकवत म्हणाले, "मंग? पहिली पायरी कुनी चढलंच नव्हतं." हसीनाबींनी फक्त विचारलं, "म्हंजी मला आत बोलवतील?" सर हो म्हणाले.

त्या सुनावणीची वाट पाहतानाच मगरे सर गेले. अधिकाऱ्याची बदली, निवडणुकीचं काम, पुन्हा बदली, अशा तारखा पडत असताना एका दुपारी बाररूममध्ये त्यांनी टेबलावर डोकं ठेवलं ते उचललंच नाही. मला पोरकं झाल्यासारखं वाटलं, अजूनही वाटतं. मी वकालतनामा माझ्या नावावर केला आणि तारखांना जात राहिले.

अखेर एक नवे अधिकारी आले. भला माणूस होता. फाईल वाचून बसले होते. "वकीलबाई, बाई इथल्याच आहेत, स्पष्ट आहे. दाखला कायम ठेवल्याचा आदेश मी तयारच ठेवलाय. बाईंची सही घ्या म्हणजे झालं." मला हायसं वाटलं. मी कागद हसीनाबींपुढे सरकवला.

त्यांनी पेन हातात घेतलं. "काय लिव्हलंय?"

मी वाचलं, "अर्जदाराचे म्हणणे सविस्तर ऐकून घेतले."

त्यांनी पेन खाली ठेवलं. "सायब, आजून तर मी बोललेच न्हाई."

मी त्यांचा हात दाबून कुजबुजले, निकाल आपल्याच बाजूनं आहे. "समजलं मला," त्या म्हणाल्या आणि साहेबांकडेच बघत राहिल्या. दाराबाहेर माणसांची गर्दी होती. साहेबांनी घड्याळ पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं. मी हसीनाबींचा हात सोडला. साहेबांनी तयार आदेश बाजूला ठेवला आणि समोरच्या खुर्चीकडे हात केला. हसीनाबी बसल्या, पदर सावरला.

"सायब, मी जल्मले तवा माझी माय घनसावंगीकडं कापूस येचायला गेल्ती..."