टवक्याला वळसा घालून गेलेलं अक्षर

नलूताई गेल्याचा निरोप आला तेव्हा मी शाळेत चौथीच्या वर्गावर होते. मुख्याध्यापकांच्या खोलीतला फोन घ्यायला मला बोलावणं आलं, आणि पलीकडून आमचे हे एवढंच म्हणाले, "शुभा, ताई गेली. घाई करू नकोस, सावकाश ये." मी वर्गात परतले, फळ्यावर अर्धवट राहिलेलं उदाहरण पूर्ण केलं आणि मगच निघाले. असं का केलं ते मला अजून सांगता येत नाही... पण ताईंना ते आवडलं असतं, हे मात्र खात्रीनं सांगते. अर्धवट रेघ सोडून त्या कधी टेबलावरून उठल्या नाहीत. याला आता दोन महिने होत आले. त्यांच्याबद्दल कुठं छापून यावं असं त्यांनी स्वतः कधी मनातही आणलं नव्हतं, म्हणून मीच लिहायला बसले आहे.

नलूताई म्हणजे माझ्या यजमानांची थोरली बहीण. माहेर आणि मुक्काम एकच, कारण त्यांनी लग्न केलं नाही. मूळ घर गव्हाणचं. माझे सासरे, ज्यांना आम्ही सगळेच बाबा म्हणतो, मिठागरावर राबलेले. मुलगी मुंबईला चित्रकला शिकायला जाते म्हणाली तेव्हा भावकीनं नाकं मुरडली होती. बाबा म्हणाले, "जाऊ दे तिला. आमी जनमभर मीठ पायलं, तिला आनखी काय दिसतंय ते पाहू दे." मी लग्न होऊन आले ती ऐंशीच्या दशकाच्या शेवटी. तोवर शेती आणि मिठागर दोन्ही सरकारी भूसंपादनात गेली होती, बाबा गव्हाणच्या घरी राहत होते, आणि आम्ही पनवेलला लाईन आळीत दोन खोल्या भाड्यानं घेतल्या होत्या. त्यातली उत्तरेकडच्या खिडकीची खोली ताईंची. आठवड्यातून तीन दिवस त्या सकाळी दादरची एस.टी. धरायच्या आणि मुंबईतल्या एका संग्राहकाकडे चित्रं काढायला जायच्या. उरलेले दिवस घरी बसून शाईकाम.

कसली चित्रं, हे मला कळायला महिना गेला. एकदा चहा घेऊन खोलीत गेले, तर कागदावर एक भला मोठा शेणकिडा. शेजारी तोच बाजूनं, आणि तिसऱ्या चौकटीत त्याचं पोट, त्यावर पक्षी, डोळा, लाटा असलं काहीबाही कोरलेलं. मी दचकलेली पाहून ताई हसल्या आणि मला बसवून घेतलं. जुन्या इजिप्तची माणसं हे दगडाचे, कधी निळ्या झिलईचे किडे गळ्यात, बोटात घालायची. शेणकिडा शेणाची गोळी ढकलत नेतो ना, तसाच कुणीतरी सूर्य ढकलत आकाशातून नेतो अशी त्यांची समजूत. शेणातून किडा बाहेर येतो म्हणून तो पुन्हा जन्माचा देव. त्या संग्राहकाच्या, म्हणजे शेठच्या, वडिलांनी जहाजाच्या धंद्यात असताना असे शे-दीडशे ताईत जमवले होते: किडे, बेडूक, इवले खांब, ससाण्याच्या तोंडाच्या देवाचा डोळा. शेठना त्यांचं सचित्र पुस्तक काढायचं होतं, वडिलांच्या नावानं. ताई सांगत होत्या आणि बोटांनी कागदावरची धूळ झटकत होत्या. मला त्या किड्यांपेक्षा त्यांच्या चेहऱ्याकडेच पाहावंसं वाटत होतं.

पुढं माझी मुलगी दहा महिन्यांची असताना तिला ताप भरला आणि उतरेना. सासूबाईंनी गव्हाणहून काळ्या दोऱ्यात ओवलेला ताईत आणला आणि तिच्या दंडाला बांधला. मी शिक्षिका, शेजारीपाजारी काय म्हणतील या विचारानं माझा जीव अर्धा झाला. तो सोडायला गेले तर ताईंनी माझा हात धरला. "औषध वेळेवर देतेयस ना?" मी हो म्हटलं. "मग हा असू दे. तीन हजार वर्षांपूर्वीच्या आयांनीही हेच केलंय, मी रोज त्यांचे ताईत हातात घेते. काहींचं भोक दोऱ्यानं घासून मोठं झालेलं असतं. बाळाच्या अंगावर किती दिवस राहिलं असेल बघ." ताप चौथ्या दिवशी उतरला. कशानं, यावर आमच्या घरात वाद झाला नाही.

त्या संग्रहातला सर्वांत मानाचा तुकडा म्हणजे एक तळहाताएवढा हिरवट किडा. असले किडे मृताच्या छातीवर ठेवायचे. मेल्यावर माणसाचं हृदय तराजूत घालतात, तेव्हा त्यानं आपल्याविरुद्ध साक्ष देऊ नये अशी विनवणी त्यांच्या पोटावर कोरलेली असते. शेठचा त्यावर फार जीव होता. पुस्तकाच्या मुखपृष्ठावर तोच येणार होता. ताईंनी त्याचं चित्र शेवटी ठेवलं होतं, सणाचं पक्वान्न ठेवावं तसं. आणि त्या चित्राला बसल्यावर चार दिवस त्या घरात कुणाशी धड बोलल्या नाहीत.

पाचव्या दिवशी त्यांनी मला भिंग दिलं आणि कच्चं रेखाटन पुढं सरकवलं. "शुभा, तुला इथं काय दिसतं?" किड्याच्या पोटाच्या कडेला एक टवका उडालेला होता. मी म्हटलं, फुटलंय. "आणि त्याच्या शेजारचं अक्षर?" तो एक पक्षी होता. बाकीच्या पक्ष्यांपेक्षा आखूड, मान आत घेतलेला, पण अख्खा. "कोरल्यावर टवका उडाला असता तर पक्षी अर्धा तुटला असता," ताई म्हणाल्या. "हा टवक्याला वळसा घालून बसलाय. म्हणजे आधी फुटलं, मग कोरलं. दगड जुना असेल, पण लिहिणारा अलीकडचा आहे. जास्त किंमत यावी म्हणून कुणीतरी कोऱ्या किड्यावर मजकूर घातला आणि शेठच्या वडिलांच्या गळ्यात मारला."

दुसऱ्या दिवशी त्यांनी हे शेठना सांगितलं. पुस्तकाची प्रस्तावना लिहिणारे विद्वानही तिथं होते. मजकूर शुद्ध आहे, असं म्हणून त्यांनी विषय मिटवला. शेठ रागावले नाहीत, उलट अजिजीनं म्हणाले, "बाई, दोन मिलिमीटरचा प्रश्न आहे. पक्षी टवक्यात जरा गेलेला दाखवा. कोण भिंग लावून बघणार आहे?" ताई म्हणाल्या, "मी बघते ना. मला तसं काढता येणार नाही. दुसऱ्या कुणाकडून काढून घ्या." सहा वर्षांची सगळी चित्रं तिथंच ठेवून त्या संध्याकाळच्या एस.टी.नं परत आल्या आणि भाजी निवडायला माझ्या शेजारी बसल्या.

त्यानंतरची दोन वर्षं त्यांनी कॉलेजच्या मुलींना जर्नलमधल्या आकृत्या शिकवल्या, उरण नाक्यावरच्या दुकानांच्या पाट्या रंगवल्या. मीच धुमसत होते. एकदा बोलून गेले, "ताई, त्या एका पक्ष्यापायी सगळं घालवलंत. बाकीची दीडशे चित्रं तरी छापून आली असती." त्या ब्रश धूत होत्या. म्हणाल्या, "मलाही वाटतं गं तसं. रोज सकाळी वाटतं. पण ते एक खोटं काढलं असतं, तर बाकीच्या दीडशेवर माझाच विश्वास उरला नसता." त्यांना पश्चात्तापाची चव माहीत होती, हे मला त्या दिवशी कळलं. तोवर मी त्यांना नुसतं हट्टी समजत होते.

आणि मग एका रविवारी दुपारी आमच्या दारात गाडी थांबली. शेठ आले होते, काठी टेकत. खुर्चीवर बसले, पाणी प्यायले आणि म्हणाले, "ते पुस्तक मी छापलंच नाही, बाई. दुसऱ्या चित्रकाराकडून या किड्याचं चित्र मला हवं तसं करून घेतलं. पण ते चित्र पाहिलं की माझी नजर त्या टवक्यावरच जायची." मध्यंतरी परदेशातला एक जाणकार त्यांच्याकडे आला होता. किडा हातात घेताच त्यानं पहिल्यांदा टवक्यावर अंगठा फिरवला. शेठनी खिशातून मऊ फडक्यात गुंडाळलेला तो किडा काढला आणि आमच्या टीपॉयवर ठेवला. "आता जसा आहे तसा काढा. जे आहे ते खाली लिहू."

ताईंनी तो लगेच उचलला नाही. "एक अट आहे," त्या म्हणाल्या. "वडिलांनी फसवलं असं कुणाला वाटता कामा नये. वडील फसले, असं लिहा." शेठनी मान खाली घातली आणि किडा ताईंच्या बाजूला सरकवला.

पुस्तक निघालं. किड्याखाली दोन सरळ ओळी होत्या: दगड प्राचीन, लेख अलीकडचा, खरेदीत मूळ संग्राहकाची फसवणूक झालेली. आत पहिल्या पानावर चित्रकार म्हणून ताईंचं नाव. इजिप्तला त्या कधीच गेल्या नाहीत, तशी ओढही बोलून दाखवली नाही. शेवटची दोन वर्षं मधुमेहानं त्यांची दृष्टी उणावली, मग मूत्रपिंडं थकली. शेवटी भेटले तेव्हा इस्पितळात खाटेशेजारच्या भिंतीवरची भेग बोटानं गिरवत होत्या. म्हणाल्या, "ही खालून वर गेलीय, वरून खाली नाही." मी बघितलं. मला फक्त भेग दिसली.

तेराव्यानंतर बाबा प्रथमच पनवेलच्या त्या खोलीत आले. ऐंशी ओलांडलेला माणूस, अक्षरओळख नाही. खिडकीशी ताईंच्या खुर्चीत बसले आणि म्हणाले, "तिचं पुस्तक दे." मी काढून दिलं. ताईंचं नाव कुठं छापलंय ते दाखवावं म्हणून मी पहिलं पान उघडून बोट ठेवलं. बाबांनी माझं बोट हलकेच बाजूला केलं. "नाव ऱ्हाऊ दे. नाव आमीच ठेवलंय. किरे दाखव."

मी पान उलटलं. मग पुढची पानं त्यांनी स्वतः उलटली, एकेक, मिठानं चिरलेल्या अंगठ्यानं, पुस्तक डोळ्यांशी धरून. मी चहा आणून ठेवला, तो निवला. खिडकीतला उजेड कमी झाला तशी त्यांनी खुर्ची आणखी खिडकीकडे ओढली. दिवा लावू का विचारलं तर नाय म्हणाले. त्यांनी एकही किडा गाळला नाही.