कोयत्याची तिसरी ओळ

कोयता कधी भाव करत नसे. मी एका कर्ण्यावर धंदा सुरू केला आणि ढोकीत डीजेच्या गाड्या उभ्या केल्या, त्या निव्वळ घासाघीस करून. गाण्यांचं रेकॉर्डिंग करायला माझी गोदामाची खोली मागायला आलेला हा किडकिडीत गडी मी सांगितलेल्या भाड्याला नुसती मान हलवून मोकळा झाला, तेव्हा मला रागच आला.

"अरे, कमी तरी मागून बघ!"

"तुमी बोललात, मामा. म्या कशाला खोटं पाडू?"

खोली फुकट द्यावी लागली. असा माणूस धंद्याला घातक.

ऊसतोडीत नवरा-बायकोची जोडी मिळून एक कोयता मोजतात. हा आणि याचा भाऊ सुदाम, दोघं मिळून एक कोयता म्हणून टोळीत जायचे. मग नदीतली वाळू भरून निघालेल्या टिप्परनं सुदामला रस्त्यावर चिरडलं. टिप्पर वाळूचा धंदा हाती असलेल्या गावपुढारी अण्णाचा, हे साऱ्या गावाला ठाऊक होतं. कागदावर मात्र ते अज्ञात वाहन झालं. पुढच्या हंगामात मुकादमानं याला अर्धा कोयता म्हणून घेतलं. तेच नाव त्यानं आपल्या रॅप गाण्यांच्या अल्बमला दिलं. गाव त्याला नुसतं कोयता म्हणू लागलं.

मी एकदा विचारलं, "हे गँगस्टा रॅप म्हणजे काय रे?"

"गुंडांच्या गल्लीतनं आलेलं गाणं, मामा."

"मग तू कुठला गुंड?"

"म्या न्हाय. गल्ली हाय."

अल्बमला कंपनी नव्हती, मालक नव्हता. भिंतींना माझ्या घरच्या गोधड्या लावल्या, दोन बाजूंना दोन माइक ठेवले. बाहेरून उसाचा ट्रॅक्टर धडधडत गेला की मी शिव्या हासडायचो, तो म्हणायचा, "असू द्या, त्यो आपलाच हाय." माझं डोकं खरं फिरायचं ते वेगळ्याच गोष्टीनं. हा कायम उजवीकडं सरकून उभा राहायचा. सगळा आवाज उजव्या माइकमध्ये, डावा कोरडा. खांदे धरून मध्ये उभा केला तरी बोलता बोलता पुन्हा उजवीकडं. शेवटी मी ओरडलो, तेव्हा खाली बघून म्हणाला, "सवय हाय, मामा. फडात डावीकडं सुदाम तोडायचा."

त्यानंतर मी त्याला हलवलं नाही.

भांडण झालं ते शेवटच्या गाण्यावरून. त्यात सवाल-जवाब होता. "नदी कुणाची? अण्णाची! गाडी कुणाची? अण्णाची! चाकाखाली कोण? सुदाम!" अंगावर काटा आला. पण मी आयुष्यभर वरातीतली माणसं नाचताना बघितली आहेत. मी म्हणालो, "लेका, लोक पहिल्या दोन ओळी उचलतील आणि तिसरी टाकून देतील. सुदामचं नाव आधी घे. नाहीतर अण्णाचं तरी काढ." मी हरतऱ्हेनं सौदा केला.

"आधी जाब, मग नाव," तो म्हणाला. "लोकं काय येडी हायेत का, मामा?"

अल्बम मोबाइलवर आला आणि थोड्याच दिवसांत अण्णाच्या वाढदिवसाची मिरवणूक निघाली. गाडी माझी होती. कुणीतरी पेनड्राइव्ह खुपसला आणि तेच गाणं सुरू झालं. दुसऱ्या ओळीवर पोरं उड्या मारायची आणि ऑपरेटर गाणं पुन्हा पहिल्यावर आणायचा. टायरच्या दुकानापाशी कोयता उभा दिसला. माझं टाळकं सरकलं; मी जनरेटरची वायरच उपटली. गाडी मुकी झाली. गर्दी मात्र मुकी झाली नाही. "गाडी कुणाची? अण्णाची!" त्यांना ते तोंडपाठ होतं.

उघड्या जीपमधून अण्णा हसत उतरला. स्वतःच्या गळ्यातला हार काढून त्यानं कोयत्याच्या गळ्यात घातला. "लई भारी बनवलंस रे. आपलं नाव केलंस." कोयता हाराच्या ओझ्यानं वाकल्यासारखा उभा होता.

दुसऱ्या दिवशी बघतो तर त्यानं अल्बम मोबाइलवरून काढून टाकलेला. तोही नाहीसा. कर्नाटकातल्या कुठल्याशा टोळीबरोबर गेला म्हणे. खोली माझी, माइक माझे, गोधड्या माझ्या. मला एका शब्दानं विचारायला नको? हा राग माझा अजून गेलेला नाही, आणि तो भेटल्याशिवाय जाणारही नाही.

गाणं मात्र गेलं नाही. हंगामात कारखान्याकडं निघालेल्या ट्रॅक्टरवर ते पेनड्राइव्हवरून अजून वाजतं, पण दोन ओळी झाल्या की ड्रायव्हर पुन्हा पहिलीवर आणतो. ऐकू आलं की मी मोटरसायकल आडवी लावतो. ड्रायव्हर कुरकुरतो, "मामा, वजनकाट्यावर नंबर जाईल माझा."

"जाऊ दे. पूर्ण वाजव, मग साइड देतो."

मग तिसरी ओळ येते. त्याचा आवाज उजव्या स्पीकरमधून. डाव्यात नुसती घरघर.